चोरीस, चोरिझो की गोवा सॉसेज? मेन्यूकार्डावर आणि पाकिटावर नेमकं काय लिहावं

प्रश्न आधी थोडक्यात मांडते. पुण्यात छोटं उपाहारगृह चालवणाऱ्या एका वाचकांनी 'गोवन चोरिझो पाव' हा पदार्थ सुरू केला. माल म्हापशाहून येतो, पदार्थ चांगला खपतो. पण नावावरून रोज कोणी ना कोणी हटकतं. एका गोवेकर गिऱ्हाइकानं सांगितलं, "ह्याला चोरिझो म्हणू नका, हे चोरीस." दुसऱ्यानं पोर्तुगीज स्पेलिंग वहीत लिहून दिलं. माहीमला वाढलेल्या एका बाईंनी ठणकावलं की त्यांच्या घरी तीन पिढ्या 'गोवा सॉसेज' म्हणत आल्यात, बाकीची नावं हल्लीची फॅशन आहेत. आता हे गृहस्थ तोच माल पाकिटात भरून विकायच्या विचारात आहेत, शिवाय मशरूमचा एक प्रकारही काढायचा आहे. ते विचारतात: नाव कोणतं लावू, आणि ह्यानं खरंच काही फरक पडतो का?

फरक पडतो. माझं मत असं: मेन्यूकार्डावर 'चोरीस' लिहा, त्याखाली बारीक अक्षरात 'गोव्याचं पोर्क सॉसेज' लिहा, आणि 'चोरिझो' हा शब्द काढून टाका. 'गोवा सॉसेज' चालेल, पोर्तुगीज स्पेलिंगही चालेल, एकटं 'चोरिझो' मात्र नको. ह्यात अस्मितेचा भाग आहेच आणि तो मी हलका मानत नाही. पण माझं मुख्य कारण स्वयंपाकघरातलं आहे. मी उत्तर गोव्यातल्या बार्देशात घरगुती चोरीस करणाऱ्या बायकांबरोबर आणि दोन-तीन लहान कारखान्यांबरोबर बरीच वर्षं काम करते. मिठाचं आणि सोऱ्याचं (म्हणजे मांस टिकवायला घालतात त्या पोटॅशियम नायट्रेटचं) प्रमाण, वाळवण, साठवण, लेबल ही माझी कामं. तिथून पाहिलं की एक गोष्ट सारखी दिसते: चुकीच्या नावामुळं माणूस पदार्थ चुकीच्या तऱ्हेनं हाताळतो.

स्पेनमधला 'चोरिझो' (तिथं उच्चार 'चोरिथो', लॅटिन अमेरिकेत 'चोरिसो', 'चोरित्झो' तर कुठंच नाही) हा बहुतांशी मुरवून वाळवलेला पदार्थ असतो. डुकराचं मांस, चरबी, लसूण, मीठ आणि पिमेंतोन म्हणजे तिथली लाल मिरचीची पूड, जी बरेचदा धुरावलेली असते. हे आतड्यात भरून टांगतात. आत जिवाणूंमुळं हलकं आंबणं होतं, आम्लता वाढते, आणि मग ते आठवडेच्या आठवडे थंड कोरड्या हवेत वाळतं. पुरेसं वाळलं की त्यात जंतूंना वापरता येईल असं पाणी उरत नाही. असं सॉसेज सुरीनं पातळ कापून तसंच खातात. शिजवायचा ओला चोरिझोही स्पेनमध्ये मिळतो, पण आपल्याकडं परदेशी मालाच्या दुकानात 'चोरिझो' म्हणून जे पातळ कापांचं पाकीट येतं ते हे मुरवलेलं, न शिजवता खायचं.

पोर्तुगालचं 'शोरीसु' त्याचं सख्खं भावंड. तिथं लसणीबरोबर वाइन येते आणि लाकडाच्या धुराला जास्त मान असतो. ते कापूनही खातात, किंवा मातीच्या ताटलीत दारू पेटवून त्या ज्वाळेवर भाजूनही. पोर्तुगीजांनी १५१० साली गोवा घेतला तेव्हा त्यांच्याबरोबर ही रीत आली, आणि अमेरिकेतली मिरचीही त्यांच्याच जहाजांतून आली. इथवरची कथा सगळ्यांना ठाऊक असते आणि लोक इथंच थांबतात. "पोर्तुगीजांनी आणलं, म्हणून ते चोरिझो." पण गोव्यात आल्यावर त्या पदार्थाचं जे झालं तेच खरं बघण्यासारखं आहे.

गोव्यात वाइन नव्हती, माड होते. माडाची सूर, म्हणजे माडाचा गोड रस, आंबवून केलेलं व्हिनेगर वाइनच्या जागी आलं आणि त्यानं पदार्थाचा कणाच बदलला. युरोपात आम्लता आतल्या आंबण्यातून हळूहळू तयार होते. इथं ती पहिल्या दिवसापासून बाहेरून घातली जाते, कारण इथल्या दमट उकाड्यात मांस हळूहळू आंबायची वाट बघत बसणं परवडणारं नव्हतं. धुरावलेल्या गोडसर मिरचीपुडीच्या जागी अख्ख्या सुक्या मिरच्या आल्या, त्याही व्हिनेगरमध्ये भिजवून वाटलेल्या. बरोबर मिरी, जिरं, हळद, लवंग, दालचिनी, आलं, लसूण. काही घरांत वर फेणीही. आमच्याकडची जुनी माणसं ह्या वाटणात पाण्याचा एक थेंब जाऊ देत नाहीत. पाटा धुतला तर तो उन्हात कोरडा होईपर्यंत मिरच्या त्यावर ठेवत नाहीत. पाणी गेलं की आम्लता उतरते आणि बुरशीला दार उघडतं, हे त्यांना कुठल्याही प्रयोगशाळेशिवाय माहीत आहे.

मांस हातानं कापतात, साधारण बोटाच्या पेराच्या निम्म्यानं. चरबी वेगळी कापून ठेवतात. मीठ लावून वर दगडाचं वजन ठेवतात, रात्रभरात बरंच पाणी सुटतं, ते ओतून देतात. मग ऊन. उन्हात तुकड्यांच्या कडा जरा आवळल्या की ते वाटणात जातात आणि दोन-तीन दिवस रोज खालीवर करत मुरतात. स्वच्छ करून सुकवलेल्या आतड्यात ते भरताना हवा राहू नये म्हणून सुईनं टोचतात, आणि थोड्याथोड्या अंतरावर दोऱ्यानं आवळून गाठ मारतात. बाजारात चोरिसाची जी माळ दिसते ती अशी तयार होते, जपमाळेतल्या मण्यांसारखी लहान, गोल, एकामागोमाग एक. लहान मण्याला कारण आहे: जितका लहान तितका आतपर्यंत लवकर वाळतो. पुन्हा ऊन, आणि मग चुलीवर टांगणं, म्हणजे रोजच्या स्वयंपाकाचा धूर लागत राहतो.

हे सगळं कोरड्या महिन्यांत, पावसाच्या आधी उरकायचं. 'पुरुमेंत' म्हणजे पावसाळ्याची बेगमी: सुकी मासळी, मीठ, मिरच्या, कांदे, आणि ख्रिस्ती घरात चोरिसाच्या माळा. मडगावला मे महिन्यात पुरुमेंताचं फेस्त भरतं ते ह्याच गरजेतून. समुद्र बंद, मासळी नाही, चार महिने धो-धो पाऊस, तेव्हा चुलीवरच्या माळेतले चार मणी तोडून कांदा-बटाट्यात टाकले की आठ माणसांचं जेवण निघतं. आगशीच्या आणि म्हापशाच्या चोरिसाचं नाव आजही मोठं आहे. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात माळा घेऊन बसलेल्या बायकांच्या रांगेतून एकदा सावकाश फिरा. मणी दाबून बघा. चांगला मणी कडक असतो पण दगड नसतो, दाबला की बोटाला तेल लागतं. वास आधी व्हिनेगरचा येतो, मागून धुराचा. एक मणी कापून दाखवायला सांगा: आत मांसाचे आणि चरबीचे तुकडे वेगवेगळे दिसले पाहिजेत. सगळं एकसारखं लाल लगद्यासारखं दिसलं तर ते यंत्रातून काढलेलं आहे.

आता मुद्दा. चोरीस कितीही वाळलेलं असलं तरी ते शिजवूनच खायचं असतं. गोव्यात कोणी कच्चं खात नाही, कोणाच्या मनातही येत नाही. घराघरातलं वाळवण सारखं नसतं. एका घरचा माल महिनाभर उन्हात असतो, दुसऱ्या घरचा चार दिवसांत बाजारात येतो. न शिजवता, न थंड ठेवता टिकणाऱ्या मांसासाठी आमच्या धंद्यात 'वॉटर ॲक्टिव्हिटी' नावाचं मोजमाप पाहतात. जंतूंना वापरता येईल असं पाणी किती उरलं आहे ते त्यातून कळतं, आणि सर्वसाधारणपणे ते ०.८५ किंवा त्याच्या खाली असलं तर माल बाहेर ठेवता येतो. बाजारातल्या घरगुती चोरिसाबद्दल अशी खात्री कोणी देऊ शकत नाही, आणि द्यायची गरजही नसते, कारण ते कढईत जाणार हे गृहीत धरलेलं असतं. डुकराच्या मांसात पट्टकृमीचा धोकाही असतो. आतपर्यंत ७१ अंश सेल्सियस तापमान गेलं की ही चिंता संपते.

एका हॉटेलात, नाव सांगत नाही, चीजच्या ताटाबरोबर गोव्याचं चोरीस पातळ काप करून कच्चं वाढलेलं मी स्वतः पाहिलं आहे. आचारी होतकरू मुलगा, परदेशी पद्धतीचं शिक्षण घेतलेला. पुरवठादाराच्या बिलावर 'चोरिझो' लिहिलं होतं. त्यानं चोरिझोचं जे करतात ते केलं. त्याचा दोष मला काढता येत नाही. बिलावर 'चोरीस, शिजवून खा' असतं तर त्यानं निदान विचारलं असतं. मी ते ताट परत आत पाठवायला लावलं आणि त्या पुरवठादाराला दुसऱ्या दिवशी फोन केला. नावावरून वाद घालणारी माणसं हट्टी असतात असं म्हटलं जातं, पण हा हट्ट मला पूर्ण योग्य वाटतो.

उलट दिशेनंही गोंधळ होतोच. स्पॅनिश पाककृतीत 'दोनशे ग्रॅम चोरिझो ऑलिव्ह तेलात परता' असं असतं. तिथं आमचं चोरीस घातलं तर जेवण तोंडात घालवणार नाही, इतकं आंबट, खारट, तिखट. आमचं चोरीस हे एका अर्थी मांसाबरोबर मसालाही असतं. त्याला तेल लागत नाही, मीठ लागत नाही. मणी दोऱ्यातून सोडवून आतड्यातून सारण बाहेर काढायचं, कढईत अर्धा पेला पाणी घालून मंद आचेवर ठेवायचं, पाणी आटेपर्यंत चरबी सुटते, मग त्याच चरबीत भरपूर कांदा. बटाटा घातला तर तो मीठ शोषून घेतो. शेवटी चाखून बघायचं आणि मगच वाटलं तर मीठ. पोयी किंवा उंडो, म्हणजे गोव्याचा पाव, फाडून त्यात भरलं की झाला चोरीस-पाव.

जर जगात ह्याचं जवळचं नातेवाईक शोधायचंच असेल तर ते मेक्सिकोत सापडेल, स्पेनमध्ये नाही. मेक्सिकन चोरिसो ओला असतो, त्यात व्हिनेगर आणि स्थानिक सुक्या मिरच्या असतात, आणि तोही आतड्यातून काढून, मोकळा करून कढईत परततात. दोन वसाहती, दोन वेगळे मालक, आणि दोन्हीकडच्या स्वयंपाकिणींनी युरोपातल्या सॉसेजचं आपापल्या हवामानात साधारण सारखंच रूपांतर केलं. ह्या विषयात मला सगळ्यात जास्त आवडणारी गोष्ट ही आहे. म्हणूनच 'मूळ पोर्तुगीज' हे विशेषण कोणी चोरिसाला चिकटवलं की मला वाईट वाटतं. त्यात सूर काढणाऱ्या रेंदेराचं, मिरची वाटणाऱ्या बाईचं आणि चार महिन्यांच्या पावसाचं काम पुसलं जातं.

आता पोर्तुगीज स्पेलिंगचा आग्रह. गोव्यात रोमी लिपीत कोंकणी लिहिणारी जुनी घराणी हा शब्द पोर्तुगीज पद्धतीनं, खाली शेपटी असलेला 'सी' काढून लिहितात, आणि त्यांचं ते लिहिणं त्यांच्या घरच्या कागदपत्रांइतकं जुनं आहे. त्यांना कोणी चूक म्हणू नये. पण १९६१ नंतर वाढलेल्या, देवनागरीत वाचणाऱ्या माणसाला तोच आग्रह धरणं मला पटत नाही. कोंकणीनं त्या शब्दाचं शेपूट कापून 'चोरीस' केलं, तसं मराठीनंही बटाटा, पगार, चावी, काजू, पाव हे सगळे पोर्तुगीजांकडून घेऊन आपल्या जिभेला बसवले. पावाचा मूळ नाकातला उच्चार कोणी बेकरीत मागत नाही. पर्यटकांसाठी छापलेल्या मेन्यूकार्डांवर हल्ली पोर्तुगीज स्पेलिंग फार दिसतं, त्यातलं बरंच शोभेसाठी असतं आणि निम्म्या ठिकाणी ती शेपटी छापायचीच राहून जाते. तुमचं गिऱ्हाईक मराठी आहे, पाटी मराठीत आहे. 'चोरीस' पुरे.

त्यातच कोणी 'लिंग्वीस' म्हणतं. पोर्तुगालमध्ये लिंग्वीसा हे शोरीसुपेक्षा बारीक आणि लांब सॉसेज. गोव्यातही काही दुकानांत बारीक, लांब नळीला हे नाव देतात. तुमचा माल गोल मण्यांचा आहे, म्हणून तो प्रश्न तुमच्यापुरता बाद.

'गोवा सॉसेज' ह्या नावाची बाजू मात्र मी मनापासून घेईन. ते मुंबईत रुजलेलं नाव आहे. गोव्याहून नोकरीला गेलेली माणसं धोबीतलाव, भायखळा, माहीम, वांद्रे ह्या भागांत राहिली, गावाच्या नावानं चालणाऱ्या कुडांमध्ये, म्हणजे सामाईक वसतिगृहांत, राहिली, आणि सुटीहून परतताना ट्रंकेत माळा घेऊन आली. शेजाऱ्यांना, सहकाऱ्यांना सांगताना 'गोव्याचं सॉसेज' हेच सोपं. कोल्ड स्टोरेजवाल्या दुकानांतही तेच लिहिलं गेलं. माहीमच्या त्या बाईंना हे नाव नकली वाटत नाही, कारण त्यांच्या घरात ते खरंच वापरलं गेलं. शिवाय त्या नावात गाव आहे. अडचण एवढीच की आज पुण्या-नाशिकातल्या माणसाला 'सॉसेज' म्हटल्यावर गुळगुळीत, फिकट गुलाबी, आधीच उकडलेली नळी डोळ्यांपुढं येते, ती गरम पाण्यातून काढून खातात. म्हणून हे नाव दुसऱ्या ओळीत ठेवा, पहिल्या ओळीत चोरीस.

इथपर्यंत वाद बाहेरच्यांशी. गोव्याच्या आत जो वाद चालतो तो कमी ऐकू येतो आणि माझ्या मते जास्त महत्त्वाचा आहे: कशाला चोरीस म्हणायचं? माडाच्या सुरेचं व्हिनेगर महाग आणि दुर्मिळ होत चाललं आहे, कारण माडावर चढणारे रेंदेर कमी होत चालले आहेत आणि त्यांच्या मुलांना ते काम करायचं नाही. त्या जागी ॲसेटिक ॲसिड पातळ करून केलेलं व्हिनेगर येतं. त्याचा आंबटपणा जिभेला टोचतो आणि मागे काही उरत नाही. हातानं कापण्याऐवजी यंत्रातला खिमा येतो, त्यात चरबी किती घातली ते डोळ्यांना कळत नाही. मिरची कमी करून रंग घालतात. उन्हाऐवजी दोन दिवस पंखा. अशा मालालाही चोरीसच म्हणतात आणि तो आगशीच्या माळेच्या शेजारी निम्म्या किमतीत टांगलेला असतो. चांगलं करणारी बाई भावात हरते. नावाची खरी चोरी ही आहे, आणि ती स्पॅनिश शब्दानं होत नाही, आपल्याच शब्दानं होते.

असे वाद जगात इतरत्र कसे मिटले किंवा मिटले नाहीत, हे पाहण्यासारखं आहे. फ्रँकफर्टमध्ये ज्या सॉसेजला 'व्हिएन्नाचं' म्हणतात त्याला व्हिएन्नात 'फ्रँकफर्टचं' म्हणतात, आणि दोन्ही गावं सुखानं नांदतात. अमेरिकेत न्यू जर्सीत एक डुकराच्या मांसाची गुंडाळी मिळते, काप करून तव्यावर भाजून अंडं आणि चीजबरोबर पावात खातात. एडिसनकडच्या मराठी मंडळींनी ती डेलीच्या, म्हणजे तयार खाण्याच्या दुकानाच्या, फळ्यावर नक्की वाचली असेल. राज्याच्या उत्तरेत तिला 'टेलर हॅम' म्हणतात, दक्षिणेत 'पोर्क रोल'. ट्रेंटनच्या जॉन टेलर ह्यांनी एकोणिसाव्या शतकात ती 'हॅम' म्हणूनच विकायला काढली. १९०६ मध्ये अमेरिकेत अन्नशुद्धीचा कायदा आला आणि हॅम म्हणजे मागच्या मांडीचंच मांस ह्या व्याख्येत ती बसेना, म्हणून डब्यावरचं नाव 'पोर्क रोल' झालं. मग इतरांनीही तेच नाव लावलं, टेलर कंपनी कोर्टात गेली, आणि १९१० मध्ये निकाल लागला की 'पोर्क रोल' हे वर्णन आहे, ते कोणा एकाच्या मालकीचं होऊ शकत नाही. कायद्यानं डब्यावरचं नाव बदललं पण उत्तरेकडच्या लोकांच्या तोंडचं शंभर वर्षांनंतरही बदललं नाही. २०१६ साली बराक ओबामा रटगर्स विद्यापीठाच्या पदवीदान समारंभात आले तेव्हा त्यांनी ह्याच वादाचा उल्लेख करून, त्यात आपण पडणार नाही असं हसत सांगितलं.

आपल्याला जास्त उपयोगी उदाहरण स्लोव्हेनियाचं आहे. 'क्रान्स्का क्लोबासा' हे तिथलं धुरावलेलं सॉसेज, नाव क्रान्स्का ह्या जुन्या प्रांतावरून. हा प्रांत पूर्वी ऑस्ट्रियाच्या साम्राज्यात होता, त्यामुळं ऑस्ट्रियात त्याच वंशाचं, आत चीज घातलेलं 'केझक्राइनर' रस्त्यारस्त्यावर विकलं जातं. स्लोव्हेनियानं युरोपीय संघाकडं नावाचं संरक्षण मागितलं तेव्हा ऑस्ट्रिया, जर्मनी आणि क्रोएशियानं हरकत घेतली. तोडगा निघायला काही वर्षं गेली. २०१५ मध्ये नोंदणी झाली, ऑस्ट्रियाला 'केझक्राइनर' वापरायची मोकळीक राहिली. मला त्यातला उपयोगी भाग हा वाटतो की स्लोव्हेनियाला आपल्या सॉसेजमध्ये काय असतं ते ओळ न ओळ लिहावं लागलं: मांसाचे कोणते भाग, चरबी किती, मसाला कोणता, अगदी टोकं जोडायला लाकडी काडी लागते हेसुद्धा. नाव टिकवायचं तर आधी कृती लिहून काढावी लागते.

गोव्याच्या काजूच्या फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन, म्हणजे जीआय, मिळालं. काणकोणच्या खोला मिरचीलाही आहे. चोरिसाच्या मानांकनाची गोष्ट निघते तेव्हा मी प्रत्येक बैठकीत हेच म्हणते: आधी ठरवा, सुरेचं व्हिनेगर अनिवार्य आहे की नाही, मांस हातानं कापलेलंच हवं की नाही, वाळवण किमान किती. त्यावर एकमत होणं अवघड आहे, कारण बार्देशातला मसाला आणि दक्षिण गोव्यातल्या साष्टीतला मसाला सारखा नाही आणि दोन्हीकडच्या बायकांना आपलाच खरा वाटतो. पण ती चर्चा केल्याशिवाय नुसत्या नावावर हक्क सांगून काही हाती लागणार नाही. माझं स्वतःचं मत विचाराल तर व्हिनेगरवर तडजोड करू नये. मसाला घरोघरी वेगळा असू द्या. सुरेचं व्हिनेगर गेलं की चोरीस गेलं.

आता तुमचं पाकीट. अन्न सुरक्षा प्राधिकरणाचे लेबलचे २०२० चे नियम सांगतात की पदार्थाच्या नावावरून तो काय आहे ते कळलं पाहिजे. एकटं 'चोरीस' लिहून भागणार नाही, कारण देशभरातल्या ग्राहकाला ते कळेलच असं नाही. म्हणून पुढच्या बाजूला मोठं 'चोरीस' आणि लगेच खाली तितक्याच स्पष्ट अक्षरात 'वाळवलेलं पोर्क सॉसेज, कच्चं. पूर्ण शिजवूनच खा.' मांसाहाराची खूण चौकटीतल्या तपकिरी त्रिकोणाची, जुनी गोल टिकली नाही. घटक वजनाच्या उतरत्या क्रमानं. सोरा घातला असेल तर तो लपवू नका, पोटॅशियम नायट्रेट म्हणून २५२ ह्या क्रमांकासह लिहा, आणि त्याहून महत्त्वाचं, तुमचा पुरवठादार तो चिमटीनं घालतो की काट्यावर मोजून, ते जाऊन बघा. चिमटीनं घालत असेल तर त्याचा माल पाकिटात भरू नका. व्हिनेगर कुठलं हे त्याला लेखी विचारा. कृत्रिम व्हिनेगरच्या बाटलीवर ते ॲसेटिक ॲसिडपासून केलं आहे हे छापणं बंधनकारक आहे, तेव्हा बाटली बघितली की उत्तर मिळतं. सुरेचं असेल तर पुढच्या बाजूला अभिमानानं लिहा, गिऱ्हाईक त्याचे दहा रुपये जास्त देईल आणि ते दहा रुपये शेवटी माडावर चढणाऱ्या माणसापर्यंत पोचण्याची काही शक्यता राहील. गोव्याबाहेर पाठवताना माल थंड ठेवा. पुण्याच्या जुलैत चुलीचा धूर नाही, उन्हाळ्यात वाळलेली माळसुद्धा दमट हवेत आठवड्याभरात पांढरी पडते.

'गोवन' हा शब्द पाकिटावर लिहिणार असाल तर माल गोव्यात झालेला असू द्या. पुण्यात स्वतः करणार असाल, आणि करून बघाच, तर 'गोव्याच्या पद्धतीचं' असं लिहा. हा लहानसा शब्द तिथल्या बायकांच्या दृष्टीनं फार मोठा आहे.

राहिला मशरूमचा प्रकार. गोव्यात सोयाचं, मशरूमचं 'चोरीस' आता सर्रास मिळतं, आणि उपासाच्या दिवसांत किंवा शाकाहारी पाहुण्यांसाठी ते करणाऱ्या ख्रिस्ती बायकाच मला माहीत आहेत, तेव्हा शब्द बाटला वगैरे मी म्हणणार नाही. मसाला खरोखर चोरिसाचा असेल, व्हिनेगर सुरेचं असेल, तर 'चोरीस मसाल्यातले मशरूम' हे नाव प्रामाणिक आहे आणि वाचणाऱ्याला लगेच कळतं. 'व्हेज चोरीस' लिहिलंत तर गर्दीच्या वेळी कधीतरी ऑर्डरची अदलाबदल होईल आणि शाकाहारी माणसाच्या ताटात पोर्क जाईल. ती चूक नंतर कुठल्याही माफीनं भरून निघत नाही. चिकनचं असेल तर 'चिकन' हा शब्द आधी, चोरीस नंतर, आणि दोन्हीसाठी कढया व झारे वेगळे.

त्या गोवेकर गिऱ्हाइकाला पुढच्या खेपेला नवं कार्ड दाखवा आणि त्यांच्या घरी बटाटा घालतात का तेही विचारा. साष्टीकडचे असतील तर बहुतेक तिथून दुसरा वाद सुरू होईल, आणि त्यावर माझ्याकडं तयार उत्तर नाही.